झाकली मूठ

मावशीच्या अहवालात स्त्रीरोगांचं एक वेगळं पान होतं. त्यावर ‘सर्व्हिसायटिस कोएफिशंट’ अशी ओळ होती. म्हणजे गर्भाशयाच्या मुखाला सूज किती, त्याचा आकडा. दशांश चिन्हापुढची तीन घरं भरलेली. शेजारी हिरव्या अक्षरांत ‘नॉर्मल’. मावशीला हायसं वाटलं. माझी नजर मात्र त्या आकड्यावरून हलेना, कारण मावशीचं गर्भाशय 2009 मध्येच मुखासकट काढलेलं आहे. ऑपरेशन थिएटरबाहेरच्या बाकावर त्या दिवशी मीच बसलो होतो.

रविवार सकाळ. सोसायटीच्या हॉलबाहेर फ्लेक्स लागला होता : संपूर्ण शरीर तपासणी, रक्त न काढता, फक्त 99 रुपयांत. आत टेबलावर लॅपटॉप, त्याला जोडलेली टिफिनच्या डब्याएवढी पेटी, आणि पेटीतून निघालेल्या वायरीच्या टोकाला लाटण्याहून आखूड अशी धातूची गुळगुळीत दांडी. टेबलामागच्या मुलीने मावशीचं नाव, वय, उंची, वजन टाइप केलं, ‘स्त्री’वर टिचकी मारली आणि म्हणाली, “काकू, दांडी घट्ट धरा. मिनिटभर बोलू नका, हलू नका.” मावशी गाभाऱ्यासमोर उभी राहते तशी डोळे मिटून बसली. पडद्यावर हृदय धडधडायला लागलं, आतड्यांची वेटोळी फिरली, रंगीत आलेख वरखाली झाले. चहा गार व्हायच्या आत यकृतापासून नखांपर्यंत आणि शिशापासून कोलेजनपर्यंत सगळ्याचा हिशेब तयार. चाळीसेक पानं. नाडी बघणाऱ्या वैद्याला निदान मनगट तरी धरावं लागतं. इथे मनगटही आपलं आणि धरायचंही आपणच.

घरी आल्यावर मी तो अहवाल एखादी रहस्यकथा वाचावी तसा वाचला. ‘रक्ताचा दाटपणा’ : प्रमाण मर्यादा 48.264 ते 65.371. ‘जठराच्या हालचालीचा गुणांक’ : 58.425 ते 61.213. कशाचे 58? कुठल्या मापाचे? एककच नाही. वाण्याने ‘तांदूळ तीन द्या’ एवढंच ऐकून काय द्यावं, किलो की पोती? रक्ताचा दाटपणा मोजता येतो आणि त्याला एककही आहे. जठराच्या हालचालीचा असा गुणांक मात्र कुठल्याच हॉस्पिटलात कुणी मोजत नाही. मग हजारांशापर्यंतचा हा नेमकेपणा आला कुठून?

मशीनचं नाव भारदस्त आहे : क्वांटम रेझोनन्स मॅग्नेटिक अ‍ॅनालायझर. ही पेटी ऑनलाइन काही हजारांत मिळते आणि जगभर विकली जाते. सोबतची पुस्तिका सांगते की प्रत्येक पेशीतून विद्युत-चुंबकीय लहरी निघतात, निरोगी पेशीच्या वेगळ्या आणि आजारी पेशीच्या वेगळ्या. दांडी त्या गोळा करते आणि सॉफ्टवेअर त्या साठवलेल्या नमुन्यांशी ताडून पाहतं. हे लगेच हसण्यावारी न्यायचं नाही असं मी ठरवलं. हा दावा खरा करायचा तर काय काय लागेल? आणि या प्रश्नाच्या मागे लागलो तर शिबिराहून कितीतरी अद्भुत गोष्टी हाती लागल्या.

शरीराला चुंबकीय क्षेत्र असतं का? असतं. हृदयाच्या प्रत्येक ठोक्यासरशी त्याच्या स्नायूंत सूक्ष्म विद्युतप्रवाह वाहतात, आणि प्रवाह आला की चुंबकत्व आलंच. पण किती? होकायंत्राची सुई हलवणारं पृथ्वीचं क्षेत्र तसं मवाळ. आपल्याला ते जाणवतही नाही. हृदयाचं क्षेत्र त्याहून काही लाख पटींनी दुबळं आणि मेंदूचं हृदयाहूनही सुमारे हजार पटींनी. विसर्जनाच्या मिरवणुकीत ढोल-ताशे ऐन भरात असताना पलीकडच्या गल्लीतल्या कुणाचा सुस्कारा ऐकू यावा, तसलं हे काम आहे.

तरीही माणसाने तो सुस्कारा ऐकला. 1963 मध्ये अमेरिकेतल्या सिराक्यूजमध्ये गेरहार्ड बाउले आणि रिचर्ड मॅक्फी यांनी तारेची दोन वेटोळी तयार केली. एकेका वेटोळ्यात तारेचे 20 लाख वेढे! शहरातल्या विजेचा गोंगाट नको म्हणून हे सगळं घेऊन ते उघड्या माळावर गेले, आणि छातीशी धरलेल्या त्या वेटोळ्यांत हृदयाचं चुंबकत्व पहिल्यांदा सापडलं. पुढे 1969 च्या शेवटच्या दिवशी, जग नववर्षाच्या तयारीत असताना, एमआयटीमधल्या डेव्हिड कोहेन यांच्या खास कवचबंद खोलीत ‘स्क्विड’ नावाच्या नव्या संवेदकाने तेच क्षेत्र लख्ख टिपलं. हा संवेदक उणे 269 अंश सेल्सिअसला, द्रवरूप हेलियमच्या थंडाईत काम करत होता. खोलीच्या भिंती धातूच्या एकावर एक थरांच्या होत्या, बाहेरचं चुंबकत्व आत झिरपू नये म्हणून. आमच्या हॉलमध्ये डोक्यावर तीन पंखे गरगरत होते आणि भिंतीपलीकडे लिफ्टची मोटर घरघरत होती.

‘रेझोनन्स’ हा शब्दही उसनाच आणलेला. तो मूळचा एमआरआयचा, आणि तिथे तो पै-पै मोजून कमावलेला आहे. नेहमीच्या एमआरआय यंत्राचं चुंबक दीड टेस्लाचं असतं, म्हणजे पृथ्वीच्या क्षेत्राच्या तीसेक हजार पट ताकदवान. एवढ्या जबरदस्त क्षेत्रात शरीरातल्या हायड्रोजनचे किती प्रोटॉन क्षेत्राच्या दिशेने जास्तीचे वळतात? दर दहा लाखांमागे पाचच्या आसपास! त्या मूठभर बंडखोरांना सेकंदाला सुमारे सहा कोटी चाळीस लाख कंपनांच्या रेडिओलहरींनी डिवचायचं, मग ते परत ठिकाणावर येताना जे पुटपुटतात ते ऐकायचं, आणि त्या पुटपुटण्यातून गुडघ्यातल्या अस्थिबंधाचं चित्र काढायचं. पहिल्यांदा हे नीट समजलं त्या दिवशी मी एमआरआय सेंटरच्या पाटीकडे थोड्या आदराने बघायला लागलो. बिलाकडे अजून बघता येत नाही, तो भाग वेगळा.

ही दांडी मग करते तरी काय? बहुतेक अशा मशीनना हातात धरायची दांडी एकच असते. विद्युतमंडल पूर्ण व्हायला जायची वाट आणि यायची वाट, दोन्ही लागतात. साध्या ईसीजीतही म्हणूनच अंगावर अनेक ठिकाणी चिमटे आणि चकत्या लावतात. एकट्या दांडीला फार तर एवढं कळू शकेल की आपल्याला कुणीतरी धरलंय. मोबाइलच्या पडद्याला बोट लागल्याचं कळतं, तेवढंच. त्याच बोटाने स्वादुपिंडाची खबर आणली, असं आपण मोबाइलबद्दल कधी म्हणत नाही.

ईसीजीचं नाव निघालंच आहे तर 1924 या सालाबद्दल सांगायलाच हवं. एकाच वर्षात शरीराचं गुपित वाचण्याचा दावा करणारी तीन यंत्रं तीन निरनिराळ्या वळणांवर उभी होती.

पहिलं हॉलंडमधल्या लायडनचं. विलेम आइंटहोव्हेन यांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हृदयाची वीज मोजायला एक यंत्र बांधलं होतं. ही वीज कातडीवर येईपर्यंत जेमतेम एक मिलिव्होल्ट उरते. त्यांनी चांदीचा मुलामा दिलेला, डोळ्याला धड न दिसणारा क्वार्ट्झचा तंतू बलवान चुंबकांच्या मधोमध ताणला. हृदयाचा प्रवाह त्यातून गेला की तंतू किंचित थरथरे, आणि त्याची सावली सरकत्या फोटोपट्टीवर उमटे. यंत्राचं वजन 270 किलोच्या आसपास, चालवायला पाच माणसं. रुग्णाने दोन्ही हात आणि एक पाय मिठाच्या पाण्याच्या बादल्यांत बुडवून बसायचं. रुग्णालय प्रयोगशाळेपासून दीड किलोमीटर लांब, म्हणून रुग्णाला न हलवता टेलिफोनच्या तारेतून त्याच्या हृदयाचे ठोकेच लायडनच्या रस्त्यांखालून आणले. 1924 मध्ये आइंटहोव्हेन यांना नोबेल मिळालं. आज कुठल्याही तालुक्याच्या दवाखान्यात ईसीजीच्या कागदावर पी, क्यू, आर, एस, टी अशा ज्या लाटा वाचतात, त्यांना ती अक्षरं आइंटहोव्हेन यांनीच दिली.

दुसरं जर्मनीतल्या येना गावचं. हान्स बेर्गर या मनोविकारतज्ज्ञाने 1924 च्या उन्हाळ्यात माणसाच्या मेंदूच्या विजेची पहिली नोंद घेतली. आज तिला आपण ईईजी म्हणतो. आणि हा गृहस्थ पुढची पाच वर्षं गप्प बसला! ही वीज खरंच मेंदूची, की कातडीची, की स्नायूंची, की यंत्राची, या शंकेने तो पुन्हा पुन्हा मोजत राहिला. लेख छापला तो 1929 मध्ये.

तिसरं यंत्र सॅन फ्रान्सिस्कोचं. मावशीच्या हातातल्या दांडीचं खरं माहेर तेच.

अल्बर्ट अब्राम्स हा तिथला नामांकित, पदवीधर डॉक्टर. भोंदू म्हटल्यावर जे चित्र डोळ्यांसमोर येतं त्यातला नव्हे. त्याची पद्धत अशी : रुग्णाच्या रक्ताचा थेंब टिपकागदावर घेऊन ‘डायनमायझर’ नावाच्या पेटीत ठेवायचा. पेटीची तार एका निरोगी माणसाच्या कपाळाला लावायची. त्या माणसाने उघड्या अंगाने, मंद उजेडात, पश्चिमेकडे तोंड करून उभं राहायचं. मग डॉक्टर त्याच्या पोटावर बोटांनी टकटक करत जाई, आणि आवाज जिथे बद्द येई त्यावरून लांबच्या रुग्णाचा आजार, त्याची जागा, त्याची तीव्रता सांगे. पुढे रक्ताचीही गरज उरली नाही, हस्ताक्षर पुरेसं ठरलं. सॅम्युएल जॉन्सन आणि एडगर अ‍ॅलन पो यांच्यासारख्या केव्हाच मातीला मिळालेल्या लेखकांच्या सह्यांवरून अब्राम्सने त्यांना सिफिलिस असल्याचं निदान केलं. ‘द जंगल’ लिहून अमेरिकेतल्या मांस-कारखान्यांची लक्तरं वेशीवर टांगणारा अप्टन सिंक्लेअर, म्हणजे कंपन्यांच्या थापा ओळखणं हाच ज्याचा धर्म, तो अब्राम्सचा कट्टर समर्थक होता. शहाणी माणसं फसत नाहीत असं ज्यांना वाटतं त्यांनी हे नाव लक्षात ठेवावं.

उपचारासाठी अब्राम्सकडे दुसरी पेटी होती, ‘ऑसिलोक्लास्ट’. ती विकायची नाही, भाड्याने द्यायची, आणि घेणाऱ्याकडून पेटी उघडणार नाही असं लिहून घ्यायचं. झाकली मूठ सव्वा लाखाची, हे तत्त्व डॉलरमध्येही चालतं. कुणीतरी शेवटी ती उघडलीच. आत तारांचं भेंडोळं आणि विजेच्या दुकानात मिळणारे किरकोळ भाग निघाले. एका डॉक्टरने तर माणसाच्या नावाखाली कोंबड्याचं रक्त पाठवलं. निदान आलं मलेरिया, मधुमेह, कर्करोग आणि गुप्तरोग. बिचारा कोंबडा.

‘सायंटिफिक अमेरिकन’ मासिकाने मग रीतसर चौकशी समिती नेमली. अब्राम्स-पद्धतीच्या एका डॉक्टरला सहा कुप्या दिल्या. प्रत्येकीत कोणते जंतू आहेत ते त्याने यंत्राने ओळखायचं. सहाही उत्तरं चुकली. डॉक्टर म्हणाला, कुप्यांवरच्या लेबलांच्या लाल किनारीची कंपनं आड आली. बरं, लेबलं बदलून दिली. पुन्हा चुकली. सप्टेंबर 1924 मध्ये समितीने निकाल दिला की या पद्धतीत काहीही तथ्य नाही. तो ऐकायला अब्राम्स नव्हता. त्याच वर्षाच्या जानेवारीत न्यूमोनियाने तो गेला होता.

लाल किनारीचा तो बहाणा मला फार मोलाचा वाटतो. आपलं यंत्र चुकल्यावर बेर्गरने स्वतःवर संशय घेतला असता. या डॉक्टरने लेबलावर घेतला. दोन परंपरा इथेच फुटतात, आणि त्यासाठी यंत्र उघडून बघायचीही गरज पडत नाही.

अब्राम्स गेला, पेटी राहिली. दर पिढीने तिला त्या त्या काळातला नवलाईचा शब्द चिकटवला. त्याच्या काळात इलेक्ट्रॉन आणि रेडिओ नवे होते, म्हणून तेव्हा ती ‘इलेक्ट्रॉनिक’ होती. मग हॉलिवूडमध्ये रूथ ड्राउन नावाच्या बाईंनी ‘रेडिओनिक्स’ आणलं. टिपकागदावर रक्ताचा डाग घ्यायचा आणि जगाच्या दुसऱ्या टोकाच्या रुग्णाचं निदान करायचं. शिकागो विद्यापीठात त्यांची परीक्षा झाली. दहा रुग्णांचे नमुने समोर होते. पहिल्या तिघांचं निदान इतकं बहकलं की बाकीचे सात राहूनच गेले. पुढे 1951 मध्ये अमेरिकन न्यायालयाने त्यांना दोषी ठरवून हजार डॉलरचा दंड केला. त्यांच्या यंत्रात सुई हलायची, हे मात्र खरं. दोन वेगवेगळ्या धातूंच्या पट्ट्या घामट कातडीला टेकल्या की थोडी वीज तयार होतेच, लिंबात तांब्याची तार आणि जस्ताचा खिळा खुपसल्यावर होते तशी. म्हणजे रुग्ण स्वतःच त्या यंत्राचा सेल होता! असं काही वाचलं की मला यंत्र बनवणाऱ्याचा राग कमी आणि निसर्गाचं कौतुक जास्त वाटतं.

घामाचा भाग जरा सविस्तर सांगण्यासारखा आहे, कारण या सगळ्या घराण्यात खरं मोजमाप कुठे असेल तर तिथेच. भीती, आनंद, नुसता दचका यांनी घामग्रंथी जाग्या होतात आणि कातडीतून वीज वाहणं सोपं होतं. फ्रान्समध्ये शार्ल फेरेने 1888 मध्ये हे नोंदवलं. ‘खोटं पकडणाऱ्या’ यंत्राची एक सुई आजही यावरच नाचते. 1950 च्या दशकात जर्मन डॉक्टर राइनहोल्ड फोल याने या घामाच्या मापाची अ‍ॅक्युपंक्चरच्या बिंदूंशी सांगड घातली. हातावरच्या या बिंदूचा रोध म्हणजे फुप्फुस, त्या बिंदूचा म्हणजे मोठं आतडं. त्यातूनच 1970 च्या दशकात ‘व्हेगा’ चाचणी निघाली. तिने अ‍ॅलर्जीही ओळखता येते असा दावा झाला. अडचण एकच. कातडीवर टोकदार सळी जराशी जास्त दाबली तरी आकडा बदलतो, आणि सळी धरणाऱ्या हाताला काय हवंय ते आधीच ठाऊक असतं. तो मुद्दाम फसवतो असं नव्हे. प्लँचेटची वाटी सरकते तेव्हाही कुणी मुद्दाम सरकवत नसतं.

2001 मध्ये ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये व्हेगाची परीक्षा प्रसिद्ध झाली. 30 माणसं. त्यांतल्या निम्म्यांना मांजराच्या कोंड्याची किंवा घरातल्या धुळीतल्या किड्यांची अ‍ॅलर्जी, निम्म्यांना नाही. तीन अनुभवी चालकांनी मिळून दीड हजारांवर चाचण्या केल्या. कुणाला अ‍ॅलर्जी आहे आणि कुपीत काय आहे हे चाचणीच्या वेळी कुणालाच माहीत नव्हतं. अ‍ॅलर्जीवाले आणि बिनअ‍ॅलर्जीवाले यांच्यातला फरक मशीनला कळला नाही.

यानंतर पेटीला पडदा मिळाला आणि खरी क्रांती झाली. अमेरिकेत 1996 मध्ये फसवणुकीचा खटला दाखल झाल्यावर विल्यम नेल्सन हा गृहस्थ हंगेरीत बुडापेस्टला गेला आणि तिथून ‘ईपीएफएक्स’ नावाचं यंत्र जगभर विकू लागला. डोक्याला, मनगटांना, घोट्यांना पट्टे बांधायचे आणि पडद्यावर आकडे झरझर बघत बसायचं. ‘सिअ‍ॅटल टाइम्स’ या दैनिकाने 2007 मध्ये पाठपुरावा केला, तेव्हा अमेरिकन सरकारने त्याची आयात थांबवली. पण विकणाऱ्यांना आता कळून चुकलं होतं की पट्टे, सळ्या, धातूच्या जोड्या हे सगळं वरवरचं आहे. गिऱ्हाईक बघतं ते पडद्याकडे. अब्राम्सच्या पेटीत निदान तारा होत्या, ड्राउनबाईंची सुई निदान हलत होती. पिढी दर पिढी डबा रिकामा होत गेला आणि पडदा भरत गेला. मावशीच्या मशीनसोबत एक छोटी किल्ली येते, यूएसबीमध्ये खोचायची. तिच्याशिवाय सॉफ्टवेअर उघडत नाही. कुणी फुकट नक्कल करू नये म्हणून! उघडायला मनाई करणारा अब्राम्सचा करारनामा आता बोटभर प्लास्टिकमध्ये मावतो, आणि त्या संचातलं सगळ्यात मन लावून केलेलं इलेक्ट्रॉनिक्स बहुधा तेच असावं.

आकड्यांमध्येही एक सुंदर खाच आहे. रक्ततपासणीची ‘नॉर्मल’ मर्यादा सहसा अशी आखतात की शंभर निरोगी माणसांतली 95 तिच्यात बसावीत. म्हणजे ठणठणीत माणसाचीही एखादी चाचणी शंभरात पाच वेळा मर्यादेबाहेर जाणारच. एकमेकींशी संबंध नसलेल्या वीस चाचण्या केल्या तर निदान एक तरी ‘बिघडलेली’ निघण्याची शक्यता 64 टक्के होते. दोनशे केल्या तर कोरं प्रमाणपत्र मिळणं जवळजवळ अशक्य. हे चोख प्रयोगशाळेचं गणित. जिथे मुळात काही मोजलंच जात नाही तिथे दोनशे ओळी छापायला कितीसा खर्च? त्यातल्या पाच-दहा ओळी लाल झाल्या की पुढचं टेबल तयारच असतं, ज्यूसच्या आणि कॅप्सूलच्या बाटल्यांचं.

“पण माझी गुडघेदुखी बरोबर सांगितली ना त्याने!” मावशी म्हणाली. तिचं वय 68, वजन तिने स्वतःच सांगितलेलं. गुडघेदुखी ओळखायला मशीन कशाला, आमचा वॉचमनही ओळखेल. बर्ट्रम फोरर या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने 1948 मध्ये आपल्या 39 विद्यार्थ्यांना एक चाचणी दिली आणि आठवड्याने प्रत्येकाच्या हातात ‘खास तुझं’ असं स्वभाववर्णन ठेवलं. मुलांनी अचूकतेला पाचपैकी सरासरी 4.26 गुण दिले. वर्णन सगळ्यांना एकच होतं, आणि त्यातली वाक्यं राशिभविष्याच्या स्वस्त पुस्तकातून उचललेली होती. आपण अहवाल वाचत नाही, अहवालात स्वतःला शोधतो. आणि शोधणाऱ्याला सापडतंच.

पुढच्या रविवारी मी एकटाच गेलो. आधी खऱ्या नावा-वयाने दांडी धरली. मग चहा घेऊन, वय 25 आणि नाव बदलून पुन्हा बसलो. मुलगी गर्दीत गुंतली होती. तिने चेहरा पाहिला नाही, वर्षं टाइप केली. अर्ध्या तासाच्या अंतराने निघालेल्या त्या दोन अहवालांत माझी हाडं, रक्तवाहिन्या आणि कातडी बरीच तरुण झाली होती. यकृताची एक ओळ मात्र लालाची हिरवी आणि दुसरी हिरव्याची लाल, उगाचच. एका माणसावरून सिद्धान्त मांडू नये हे मला मान्य आहे. पण ज्या मशीनला गर्भाशय आहे की नाही हे ‘स्त्री’ या खुणेवरून कळतं आणि हाडांचं वय टाइप केलेल्या वयावरून, त्याने आत जाऊन काही पाहिलं यावर विश्वास ठेवणं मला जमलं नाही.

महाराष्ट्रात आपण बुवांशी लढलो. डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या हत्येनंतर 2013 मध्ये जादूटोणाविरोधी कायदा आला. पण बुवा म्हणतो माझ्यात दैवी शक्ती आहे, आणि म्हणून तो कायद्याच्या शब्दांत सापडतो. मशीन म्हणतं माझ्यात विज्ञान आहे. त्याला अंगारा लागत नाही, प्रिंटर लागतो. जादूई उपायांच्या जाहिरातींवर 1954 पासून केंद्राचा कायदा आहे, आणि 2020 पासून सगळी वैद्यकीय उपकरणं औषधांच्या कायद्याखाली आली. पळवाट मात्र अहवालाच्याच पानावर बारीक अक्षरांत इंग्रजीत छापलेली असते : हे निष्कर्ष केवळ संदर्भासाठी, निदान म्हणून नव्हेत. चाळीस पानांत मला बिनचूक वाटलेली ओळ ती तेवढीच. खरी हानी लाल ओळींनी होत नाही, त्यांनी फार तर खिसा हलका होतो. हानी हिरव्या ओळींनी होते. ‘साखर नॉर्मल’ वाचून गोळी बंद करणारा माणूस, ‘स्तन नॉर्मल’ वाचून गाठ दाखवायला दोन महिने उशिरा जाणारी बाई. त्यांची नोंद कुठल्याच शिबिराच्या वहीत होत नाही.

तुमच्या सोसायटीत, मंडळात, ऑफिसात असं शिबिर आलं तर एक करा. दोनदा बसा. दुसऱ्यांदा वय वीस वर्षांनी बदला, शक्य असलं तर स्त्रीचं पुरुष करून बघा. दोन्ही अहवाल शेजारी शेजारी ठेवून सगळ्यांना दाखवा आणि गोळ्या चालू असलेल्या म्हाताऱ्या माणसांना आधी दाखवा. टेबलामागच्या मुलीवर मात्र आवाज चढवू नका. मी तिला दोन्ही कागद दाखवले तेव्हा ती बराच वेळ त्यांच्याकडे बघत राहिली. मशीन तिने हप्त्यांवर घेतलं होतं, आणि अजून चार हप्ते बाकी होते.